दुधासारखी

आत्या : मी तेव्हाच म्हटलं होतं, मनीचे तळहात बघ, कोऱ्या कागदासारखे झालेत. तू काय म्हणालीस?

आई : ताई, आत्ता नको ना.

आत्या : म्हणालीस, "माझ्यावर गेलीय, गोरी आहे." वर हसलीस.

आई : सगळेच म्हणायचे गं. जिन्यात भेटेल तो गाल ओढून जायचा, दुधासारखी आहे हो पोर. तुझा भाऊ तर फोटो दाखवत फिरतो. मला वाटलं, तुझ्या पोरांना कुणी असं म्हणत नाही, म्हणून तू...

आत्या : म्हणून मी जळते. कळलं होतं मला ते. आण तिला इकडे, हात अवघडला असेल तुझा.

आई : नको, झोपलीय. बघ ना, रक्त काढलं तरी रडली नाही. किती शहाणी.

आत्या : दीड वर्षाचं लेकरू सुईला रडत नाही, याला शहाणपण नाही म्हणत. ऊठ, बोलावतायत आत.

(दवाखान्याची आतली खोली. मनी आईच्या खांद्यावर झोपलेली.)

डॉक्टर : बसा. राहू द्या तिला तशीच. हिमोग्लोबिन साडेसहा आलंय.

आई : हवं किती?

डॉक्टर : या वयात अकराच्या वर.

आई : मग बाकीचं गेलं कुठे? कुठे पडली नाही, लागलं नाही. मी डोळ्यांत तेल घालून असते हो तिच्यामागे.

डॉक्टर : गेलं नाही. तयारच झालं नाही.

आत्या : हिमोग्लोबिन म्हणजे रक्तच ना शेवटी?

डॉक्टर : रक्तातलं प्रथिन. नावाचा पहिला तुकडा ग्रीकमधला, रक्त. दुसरा लॅटिनमधला, गोळा. रक्तातला गोळा म्हणा. त्यात लोह बसवलेलं असतं. श्वासातला ऑक्सिजन त्या लोहाला धरून अंगभर जातो. रक्ताचा लाल रंगही त्याचाच.

आई : आणि लोह नसलं, तर गोळा रिकामाच फिरतो?

डॉक्टर : पुरेसे गोळे वळलेच जात नाहीत. मग आहेत तेवढ्यांनीच सगळीकडे पोचायचं, म्हणून हृदय धावतं. हात ठेवा इथे.

आई : केवढं धडधडतंय. झोपेत आहे ना ती?

डॉक्टर : खाते काय?

आई : दूध. घास पुढे केला की तोंड फिरवते. बाटली दिवसभर तोंडात. मला वाटायचं, दूध पोटात जातंय ना, मग काळजी नाही.

डॉक्टर : लोहाचे थेंब लिहून दिले होते मी, लसीच्या वेळी.

आई : रोज दिले. एक दिवस चुकवला नाही. थुंकून टाकायची, म्हणून बाटलीतच घालायचे. दुधात.

आत्या : अगं बाई.

आई : का? काय चुकलं माझं?

डॉक्टर : दुधात लोह नावालाच असतं. आणि थेंबांतलं लोहही दूध नीट अंगी लागू देत नाही.

आत्या : आता तिला काही बोलू नका हो डॉक्टर. माझं बोलून झालंय सगळं.

आई : रक्त चढवावं लागेल?

डॉक्टर : हृदय तग धरून आहे. आज नको. थेंब पाण्यातून, दुधापासून लांब. बाटली बंद, दूध पेल्यातून आणि थोडंच. आधी जेवण. पुढच्या आठवड्यात पुन्हा रक्त तपासू. मधेच धाप लागली, मलूल पडली, तर तडक घेऊन या.

आई : मलूल कशी ओळखू? ती अशीच असते. एका जागी बसून राहते. मी कौतुकानं सांगायचे, त्रास म्हणून नाही हिचा.

डॉक्टर : आजपासून तिनं त्रास द्यायची वाट बघा.

आत्या : चल. ती बाटली दे माझ्याकडे. नाहीतर रात्री विरघळशील तू.

आई : रडेल गं.

आत्या : रडू दे. घसा फोडून रडली ना, की मला फोन कर. ऐकायला येईन.

आई : ताई, हिला धर जरा. इमारतीतल्या आयांच्या ग्रुपवर निरोप टाकते.

आत्या : घरी तर पोच आधी.

आई : नाही, आत्ताच. ऐका गं सगळ्या. आमच्या मनीला बरं नाही. तुम्ही जिला दुधासारखी म्हणता, तिला. तुमच्याही घरात असं गोरंपान, गुणी, एका जागी बसून राहणारं लेकरू असेल, तर त्याला खिडकीशी न्या. खालची पापणी हलकेच ओढा. आत लाली दिसते का, तेवढं बघा.