टीव्हीसमोरचा तांब्या

हसणार असाल तर सांगत नाही. आमच्या आईचे एक महाराज आहेत, रोज दुपारी चारला टीव्हीवर येतात. प्रवचन संपलं की हात वर करून म्हणतात, "पाणी जवळ आणा, आशीर्वाद घ्या." पूर्वी आई भरलेला तांब्या टीव्हीवरच ठेवायची. आता टीव्ही भिंतीवर गेला, म्हणून तांब्या दोन्ही हातांत धरून ती समोर उभी राहते, आणि मग ते पाणी तीर्थ म्हणून सगळ्यांना देते.

परवा सोलापूरला तिच्याकडं गेलो होतो. पंख्याखाली पडलेलो, जागा की झोपेत तेच कळेना. शेजारच्या यंत्रमागांची खटखट कुठून तरी लांबून येत होती. महाराजांनी हात उचलायला घेतला आणि लाईट गेली. पंखा थांबला, माग थांबले. आई मात्र तशीच उभी.

मी पडल्या पडल्या म्हणालो, "आई, बस की आता. रेकॉर्डिंग असतं ते. तिथं कुणी नसतं."

"ठावं हाय मला."

"मग कुणापुढं उभी आहेस?"

टीव्हीच्या काळ्या काचेत तांब्या धरलेली आई दिसत होती, आणि तिच्या खांद्यामागं, पाठीमागच्या भिंतीवरचा बाबांचा हार घातलेला फोटो.

काचेतल्या त्या फोटोकडं बघत ती हळूच म्हणाली, "ह्ये तरी कुटं हाईत हितं? पन आल्या आल्या 'बाबा, आलो' म्हनलास की."

मी उठलो आणि ओंजळ पुढं केली.