शेठला सांगायचा शब्द

डोळ्यांच्या दवाखान्यात माझ्या शेजारी लूमवर, म्हणजे शेठच्या यंत्रमागावर, राबणारा म्हातारा अन् त्याची कॉलेजातली पोर बोलत होती. मी कान का झाकू?

"आबा, इंग्रजीत जुना शब्द आहे, पर्ब्लाइंड. प्युअर ब्लाइंड, म्हणजे पुरता आंधळा. पुढं त्याचाच अर्थ अर्धा आंधळा झाला."

"म्हणजे इंग्रजांचा आंधळा बघाया लागला?"

"शब्द सुधारला, आबा. माणूस नाही."

"मग शेठला हाच शब्द सांग. अर्ध्या आंधळ्याला ठेवील तो लूमवर."

"काल बोटं गेली असती तुमची!"

"तुटला धागा बोटांनीच सापडतो, बेटा. पुरता आंधळा म्हटलंस, तर उद्या हाकलतील."

"डॉक्टर खरं ते सांगतीलच. चला, नंबर आला."

"चल. दार कुठल्या बाजूला?"