चादरीचं दुसरं टोक

(उत्तर इंग्लंडमधलं हॅलिफॅक्स, १९७४. नाटकगृहाचा रंगमंच, दुपारच्या जेवणाची सुट्टी. पियानोपाशी तालमींच्या वादक मिसेस हॅलम. शेजारी एल्विन प्राइस. जन्मभर दुसऱ्यांनी बसवलेले नाच नाचला, या संगीत नाटकाचे नाच मात्र त्याने स्वतः बसवले आहेत. उद्या पहिला प्रयोग.)

मिसेस हॅलम : ...आणि तुझ्या जुन्या कंपनीच्या पेनरोजसाहेबांच्या त्या पत्राचं काय झालं? लंडनहून आलेलं. ईस्टरच्या आधी मला वाचून दाखवलं होतंस.

एल्विन : काही झालं नाही.

मिसेस हॅलम : म्हणजे उत्तर दिलं नाहीस.

एल्विन : देणार होतो. मग तालमी सुरू झाल्या.

मिसेस हॅलम : तालमी सुरू झाल्या म्हणून हात मोडत नाहीत माणसाचे. काय काय लिहिलं होतं त्यांनी? जुनं काम, शिवाय बाकीच्या नर्तकांवर देखरेख, आणि शेवटी ते गोड वाक्य.

एल्विन : 'रांगेतली तुझी जागा आम्ही अजून कोणाला दिलेली नाही.'

मिसेस हॅलम : हां, तेच. खा ते सँडविच. सकाळपासून तोंड का पाडलंयस? नाच तर छान झाला.

एल्विन : तुम्ही पियानोच्या पट्ट्यांकडे बघत होतात. मी आज पहिल्यांदा खाली खुर्चीत बसून बघितला. इतके दिवस मी वरच होतो ना, सगळ्यांत मिसळून नाचत, शिकवत. म्हटलं, उद्या लोक बघणार, आज आपण लोकांसारखं बसावं. धोबीघाटाचा नाच सुरू झाला. दोघं दोघं मिळून एकेक चादर धरून आले. आणि ग्लेनिस एकटीच आली. चादर मागे फरपटत.

मिसेस हॅलम : तिचा जोडीदार कुठे तडमडला होता?

एल्विन : खाली खुर्चीत बसला होता.

मिसेस हॅलम : अगं बाई.

एल्विन : तालमीत दुसरं टोक मीच धरायचो. दाखवायला म्हणून. नाच बसवताना कधी मनातच आलं नाही, की इथे एक माणूस कमी आहे. माझ्या लेखी तिथे माणूस होताच. पोरं हसली, मीही हसलो.

मिसेस हॅलम : क्रॉम्प्टन काय म्हणाला? निर्मात्यांना असल्या वेळी फार अक्कल सुचते.

एल्विन : खूश झाले. म्हणाले, अडचण कसली, उद्यापासून तूच उतर. नव्या माणसाचा पगार वाचला, आणि जाहिरातीत छापता येईल की नाच बसवणारा स्वतः नाचतोय. शिवणकामाच्या बाईंना माझं माप घ्यायलाही सांगून टाकलं. मी म्हटलं, तीनपर्यंत कळवतो.

मिसेस हॅलम : आणि खुबा? जिना चढताना कण्हतोस तो?

एल्विन : गोळी घेतली की तासभर गप्प राहतो.

मिसेस हॅलम : मग उतर की. सगळ्यांचीच सोय झाली.

एल्विन : तुम्हाला खरंच असं वाटतं?

मिसेस हॅलम : मला काय वाटतं त्याने तुझा खुबा बरा होणार नाही. पण या पियानोमागे बसून मी पुष्कळ नर्तक बघितलेत, राजा. पाय कुरकुरायला लागले की म्हणतात, आता आम्ही नाच बसवणार. आणि पहिली अडचण आली की परत रांगेत. रांग उबदार असते. दोन्ही बाजूंना माणसं असतात. खाली अंधारात एकट्याला थंडी वाजते.

एल्विन : थंडी नाही, भीती. वर असलो की चुकलेलं सावरता येतं. कोणी अडखळलं की मी जरासा पुढे सरकतो, त्याला झाकतो. खाली बसलो की काय? नाव माझं, आणि हातात काही नाही. पायातही नाही.

मिसेस हॅलम : ॲबरडेअरच्या खाणकामगाराचा पोरगा नाचायला लंडनला पळाला, तेव्हा नाही का वाटली भीती?

एल्विन : तेव्हा खाणीची जास्त वाटत होती.

मिसेस हॅलम : बघ.

एल्विन : चौदा वर्षं, मिसेस हॅलम. दुसरी रांग, डावीकडून तिसरा. कोणाचं पाऊल इकडचं तिकडे झालं की मी त्याच्या अंगावर जायचो, मूळ नाचात असं नाही म्हणून. सगळे म्हणायचे, एल्विनला विचारा, त्याला प्रत्येकाची पावलं पाठ आहेत. होतीच. सगळ्यांची होती. हा पहिला नाच आहे, ज्यात मूळ काय ते मला कोणाला विचारावं लागत नाही.

मिसेस हॅलम : मग मला कशाला विचारतोयस?

एल्विन : नाही विचारत. मी उतरणार नाही.

मिसेस हॅलम : आणि दुसरं टोक कोण धरणार? एका दिवसात माणूस कुठून आणशील?

एल्विन : आणणारच नाही.

ग्लेनिस : एल्विन, शिवणकामाच्या बाई विचारतायत, विजार पोटावर जरा सैल ठेवू का? माझे शब्द नाहीत हं, त्यांचे आहेत.

एल्विन : विजार नकोच म्हणावं. पण तू थांब. ही चादर घे. घडी घाल.

ग्लेनिस : एकटी? नाचत?

एल्विन : नाचत नाही. घरी घालतेस तशी.

ग्लेनिस : घरी आई घालते.

मिसेस हॅलम : कधी बघितलं तरी असशील ना, महाराणी?

ग्लेनिस : बघितलंय. मधोमध हनुवटीखाली धरायची, हात असे लांब करायचे, मग टोकं जुळवायची... बघा, सुटलीच.

एल्विन : सुटू दे. पुन्हा. हात लांब केलेस ना, तिथेच थांब. बाकीच्या जोड्या तुझ्या आजूबाजूने पटापट घड्या घालून निघून जातील. तू मागे राहशील.

ग्लेनिस : आणि मग मला मदतीला कोण येतं?

एल्विन : कोणी नाही.

ग्लेनिस : लोक हसतील मला.

एल्विन : पहिल्यांदा सुटेल तेव्हा हसतील. दुसऱ्यांदा सुटेल तेव्हा कमी हसतील. तिसऱ्यांदा तू सोडायची नाहीस.

ग्लेनिस : तुम्ही एकदा करून दाखवा ना. तुमचं बघितलं की मला लगेच जमतं.

एल्विन : नाही. दाखवणार नाही. मी केलं तर ते माझं अंग होईल, तू फक्त नक्कल करशील. मी खाली जाऊन बसतो. तू कर, मी तिथून सांगतो. मिसेस हॅलम, जोड्यांचीच चाल वाजवा. तीच लय. तिच्यासाठी हळू करू नका.

ग्लेनिस : दिसतंय का तिथून?

एल्विन : चेहरा चादरीमागे जातोय. हनुवटी वर. अजून. बाकीचे गेले असं समज. आता घाई नाही तुला, पण गाण्याला आहे. घे, टोक घे. सुटलं? हसू नकोस, उचल. पुन्हा... हां. दुसरा हात. त्या हाताला सांग, पलीकडे कोणी नाहीये, पोचायचं तूच... मिसेस हॅलम, थांबलात का?

मिसेस हॅलम : बघत होते.

ग्लेनिस : चांगलं होतं की वाईट?

मिसेस हॅलम : गप्प बस आणि पुन्हा कर, पोरी. या वेळी मी नाही थांबणार.

एल्विन : पुन्हा नको. जेवून ये आधी. मग बाकीच्यांना बोलावून घे, सगळ्यांच्या जायच्या वाटा बदलाव्या लागतील. मी क्रॉम्प्टनना सांगून येतो.

मिसेस हॅलम : लवकर आलास. काय म्हणाला?

एल्विन : आधी जाहिरातीचं रडले. मग म्हणाले, अख्ख्या रंगमंचावर एक पोरगी चादर घेऊन उभी राहणार, लोकांना वाटेल नट पळून गेले. म्हटलं, वाटू दे थोडा वेळ. तर म्हणाले, उद्या फजिती झाली तर नाव तुझंच लागेल.

मिसेस हॅलम : मग?

एल्विन : म्हटलं, लावाच. तुमच्याकडे पाकीट आहे का एखादं?

मिसेस हॅलम : आहे, तिकीटही आहे. बहिणीला लिहिणार होते, पण ती काय, वाट बघायला पटाईत आहे. हा घे कागद. पियानोवर नको टेकू, वार्निश जातं... झालं? इतक्यात? वाच बघू.

एल्विन : 'प्रिय पेनरोज, माझी जागा कृपा करून दुसऱ्या कोणाला तरी द्या. आपला, एल्विन प्राइस.'

मिसेस हॅलम : एवढंच?

एल्विन : एवढ्यालाच महिना लागला.

मिसेस हॅलम : चल, मी येते बरोबर. दारापुढेच टपालपेटी आहे. तू एकटा गेलास तर खिशातच घेऊन परत येशील... वारा काय सुटलाय. टाक.

एल्विन : टाकलं.

मिसेस हॅलम : मग बोटं कशाला घालतोयस आत?

एल्विन : परत निघतं का बघत होतो.

मिसेस हॅलम : निघतं?

एल्विन : नाही. चला, पोरं जमली असतील.