माळावर कुणी नाही

—नाही, नाही, वाट चुकली नाहीस तू, पोरी. हाच तो माळ. ज्या लाल टेकडीसाठी सकाळपासून गाडी फिरवतेयस ना, तिच्याच समोर उभी आहेस. बस, बस, कॉफी घे. बोस्टनहून येणारे सगळे असेच माझ्या ओसरीवर येऊन उभे राहतात, हातात त्या कवी लायलचं पुस्तक, आणि विचारतात, बाई, तो कवितेतला लाल माळ कुठंय हो? आता ही झुडपं दिसतायत ना, बर्च काय न् काय काय, माणसाच्या डोक्यावर गेलेली — त्यांच्या खाली आहे. पाहा खुशाल.

मी कोण? हेही सगळे मागाहूनच विचारतात. मी व्हर्ना. लायलची थोरली बहीण. पुस्तकात शोधू नकोस, तिथं नाही मी.

अगं, ब्लूबेरीचा माळ काय आपोआप राहतो होय? वर्षाआड वसंतात पेटवावा लागतो — पेंढा पसरायचा, वारा बघायचा आणि द्यायची काडी लावून. वरचं सगळं जळतं, मुळं तगतात, नवी फूट येते, आणि मग ऑक्टोबरात तीच पानं अशी लाल होतात की... जाऊ दे. बाबा पेटवायचे आणि मी पाठीवर पाण्याची टाकी बांधून जाळाच्या कडेकडेनं पळायचे, ठिणगी रानात शिरू नये म्हणून. बाबा गेल्यावर पेटवणारीही मीच. आणि लायल? लायलला दमा. तो ट्रकमध्ये काचा वर करून बसायचा, मांडीवर कागद घेऊन. तिथून त्याला सगळं दिसायचं हं — धूर, वारा, वर घिरट्या घालणारा ससाणा. मी तेवढी दिसायचे नाही. ‘माळावर कुणी नाही वाऱ्याशिवाय’ — शाळेत पाठ करायला लावतात म्हणे आता ते. कुणी नाही कसं? मी होते की. खोकत होते. त्या कवितेतल्याच दिवशी माझी बाही पेटली होती, ही बघ खूण, मनगटापासून पार कोपरापर्यंत. तो ट्रकमधून धावत आला, पाणी ओतलं, माझा हात धरून रडला पण — आणि रात्री घरी बसून लिहिलं, कुणी नाही.

हो, पाठ आहेत मला, सगळ्या पाठ आहेत. कवितेची हौस म्हणून नाही. नवं पुस्तक आलं की आधी शेवटपर्यंत चाळून बघायचे, कुठं एखादी बाई आहे का म्हणून. हरणं होती. शेजाऱ्यांचा म्हातारा कुत्रासुद्धा होता.

तो गेला, मग ते स्मृतिमंडळवाले आले. माळ द्या म्हणाले, होता तसाच जपू, कुणाला काडीसुद्धा लावू देणार नाही. मी देऊन टाकला. न पेटवता माळाचं काय होणार ते ठाऊक होतं का म्हणून विचारतेस? होतं की. मग सांगितलं का नाही? मला विचारलं कुणी? त्यांच्या हातात पुस्तकं होती, आणि पुस्तकात माळ आपोआप लाल होतो. होऊ दे म्हटलं.

असं बघू नकोस माझ्याकडे. बिस्किट घे, काकवीचं आहे.

काय म्हणालीस? शेवटच्या पुस्तकात? नाही, ते नाही बघितलं मी. तो गेल्यावर त्याच्या बायकोनं छापलं ते, मला पाठवलं पण नाही. बाई आहे त्यात? धुरातली? — वाच. चष्मा कशाला, तूच वाच. सावकाश वाच... ‘केसांत धूर’... हं... ‘बाही जळाली तरी ती जाळापुढून हटत नाही’ — थांब. परत वाच तेवढं. हटत नाही. म्हणजे दिसत होते मी त्याला. बघ, आले की नाही मी. मेला, एवढी वर्षं लावलीन, आणि मी इकडे राग धरून अख्खा माळ... पुढं वाच गं, थांबलीस का? ‘त्याच हाताला धरून मी’ — काय मी? ‘संसार केला’?

कुणाचा हात धरून? कवितेच्या वर नाव आहे? कुणाचं?

कॉन्स्टन्सचं. त्याच्या बायकोचं.

ती एकदाच आली होती इथं, लग्नानंतर. मी माळ पेटवत होते. कपड्यांना वास बसतो म्हणून ट्रकमधून उतरली नाही. दोघं काचा वर करून बसले होते.

मीट ते पुस्तक. नको, मला नको, घेऊन जा तुझं. कुणी नाही असं लिहिलं होतं, तेच बरं होतं — तिथं मला उभं राहायला जागा तरी होती. ऊठ आता, अंधार पडायच्या आत मोठा रस्ता गाठ. आणि फोटो कशाला काढतेयस? तिथं कुणी नाही.