नलूवहिनींचा अमेरिकन बिल्ला

नलूवहिनींच्या पर्सवरच्या त्या बिल्ल्याचं कौतुक माझ्यासमोर करू नका. डोकं फिरतं माझं!

अहो, कोलोरॅडोत वाफेच्या इंजिनाच्या जुन्या गाडीत बसलो होतो, आमचा नाशिकचा अख्खा ग्रुप. पांढऱ्या मिशांचा म्हातारा गाइड माइकवर जीव तोडून सांगतोय, चांदीच्या खाणींसाठी डोंगर कसा फोडला, बर्फात मजुरांचे काय हाल झाले. आणि आमची मंडळी? हाउजी खेळताहेत! चिवड्याचा डबा फिरतोय, टूर मॅनेजर पुढे उभा राहून आकडे ओरडतोय. गाइडचं ऐकणारा मी एकटा.

मागच्या बाकावर आमच्या वहिनी. म्हटलं, "वहिनी, तो माणूस घसा फोडून सांगतोय, जरा ऐका तरी!"

"थांबा हो भाऊजी, माझे दोनच आकडे राहिलेत."

तेवढ्यात गाइडनं रेल्वे सुरू झाल्याचं साल सांगितलं, "एटीन एटी-टू!"

वहिनींनी तिकिटावरचे अठरा आणि ब्याऐंशी खोडले, टुणकन उठल्या आणि किंचाळल्या, "फुल हाउस!"

म्हाताऱ्याला वाटलं, बाईंना इतिहास ऐकून भरून आलं. बिचारा गहिवरला. कोटावरचा इंजिनाचा बिल्ला काढून त्यानं वहिनींच्या हातात ठेवला. माझ्याकडे ढुंकूनही पाहिलं नाही.

बरं, एवढ्यावर संपावं ना? परवा भिशीत, माझ्या बायकोदेखत, वहिनी सगळ्यांना सांगत होत्या, "गाडीत इतिहास ऐकणारी मी एकटीच. भाऊजी तर मध्ये मध्ये बोलत होते!"