आमच्या घरात सतार नाही

बिरगिटबाईंचं नाव आधी लिहा, मग बाकीचं. मूळच्या स्वीडनच्या, लहान वयात लंडनला आलेल्या, फिल्मचे डबे उचलता उचलता एडिटर झाल्या, मग आवाजाच्या कामात शिरल्या. त्यांनी मला उभं केलं. नाहीतर मी कोण, इचलकरंजीची, नववीत शाळा सुटलेली, लग्न करून लंडनात ईलिंगला आलेली, फोन वाजला तरी उचलायला घाबरायचे. शिवणाचा हात बघून त्यांनी मला फिल्मचे तुकडे चिकटवायला घेतलं, तेही ट्रायलवर.

ऐंशीनंतरची गोष्ट. एक फिल्म आली, इथल्याच आपल्यासारख्या घराची. प्रोड्यूसर म्हणाला, स्वयंपाकघराचा सीन आहे ना, मागं सतार टाका. बाई म्हणाल्या, नाही, मला खरं घर ऐकायचंय, आणि मशीन घेऊन माझ्याच घरी आल्या. आता काय सांगू तुम्हाला, घरात रेकॉर्डिंग म्हटल्यावर मी फ्रिज बंद केला, गळत्या नळाला फडकं बांधलं, ह्यांना बाहेर पाठवलं, कुकर उतरवला, सासूबाईंना म्हटलं, आई, हूं की चूं करायचं नाही. बाई हेडफोन लावून बसल्या, बसल्या, आणि हसायलाच लागल्या. अगं, घर कुठंय? हे तर चर्च झालं. तेवढ्यात सासूबाईंचा धीर सुटला, काय म्हणतीय गं ती, भात होऊ द्यायचाय का नाही आज? मग मी कुकर चढवला, आईंची बडबड सुरू झाली, मीठ कुठं ठेवलंस, हिच्या राज्यात काही जागेवर सापडत नाही, आणि झाली शिट्टी. बाईंनी सगळं भरून घेतलं.

प्रोड्यूसरनं ऐकून तोंड वाकडं केलं. हे काय, ट्रेन आली का? सतार घाला, आणि माझ्याकडे बोट दाखवून, ह्या बाईला उद्यापासून बोलवू नका, हिच्यापायी वेळ जातोय. बिरगिटबाई म्हणाल्या, ही गेली तर मीपण जाते, तुमची फिल्म तुम्ही कापा. माझी नोकरी गेल्यात जमा होती, पण गेलीच आहे तर गप्प कशाला बसू? मोडक्या इंग्लिशमध्ये बोललेच मी, सर, आमच्या घरात सतार नाही, कुकर आहे.

मिक्सिंग, म्हणजे सगळे आवाज एकत्र करायचं काम, तोंडावर आलेलं, दुसरी एडिटर कुठून आणणार तो, गेला दार आपटून. शिट्टी राहिली, मीपण राहिले.

पुढं कॉम्प्युटर आले, चिकटपट्टी गेली, लोक म्हणाले आता हिचं काय, तर तेही शिकले बाईंच्या शेजारी बसून. आता पडद्यावर साउंडमध्ये माझं नाव येतं, आणि शिक्षण विचारलं तर नववी सांगते, मान खाली न घालता. सासूबाई गेल्या. पण त्या फिल्ममध्ये अजून मीठ शोधतायत.

बिरगिटबाई परत स्वीडनला गेल्या, तळ्याकाठी एकट्याच असतात. फोनवर म्हणतात, इथं इतकं शांत आहे की कानाला कामच उरलं नाही. तर हे लिहून ठेवा, एक दिवस मी जाणार, बॅगेत कुकर घालून, कस्टमवाल्यांनी उघडून बघितली तरी चालेल, आणि त्या घरात शिट्ट्या झाल्याशिवाय मी काही परत येणार नाही.