मावशींचा अडकलेला पेढा

मी टक्क डोळे उघडे ठेवून गातो म्हणून हसता ना? मग ऐका.

लहानपणी टीव्हीवरच्या एका मालिकेत मी आंधळ्या मुलाचं काम केलं होतं. त्याचं ऑपरेशन व्हायच्या आधीच मालिका बंद पडली. मोठेपणी अभिनय सुटला आणि मी गाण्यात पडलो. शब्द माझे, चाली माझ्या, गिटार-बासरीही मीच वाजवायचो.

पहिला कार्यक्रम गंगापूर रोडला एका हॉलमध्ये ठेवला. डोळे मिटून, जीव ओतून गायलो. मध्येच डोळे जरा किलकिले करून बघतो तर पुढच्या रांगेत एक मावशी पदराने डोळे पुसतायत. म्हटलं, जिंकलं!

संपल्यावर त्या जवळ आल्या.

"दिसतं का रे तुला?"

"मावशी, तो अभिनय होता!"

"कळतं रे मला. पण त्या पोराला दिसेपर्यंत पेढा खाणार नाही, असं पंचवटीत देवापुढे बोलून बसले. तुमची मालिका बंद पडली, मी अडकले! आज पेढा घेऊनच आले, तर तुझे डोळे मिटलेलेच."

"दिसतं हो. साडी हिरवी आहे तुमची."

त्यांनी पिशवीतून पेढा काढला आणि तिथेच उभ्याने खाल्ला.

"आणि गाणी?" मी विचारलं.

"गाण्याकडे लक्ष कुठे होतं?"

तेव्हापासून डोळे उघडे ठेवूनच गातो. न जाणो, अजून कुणी पेढ्यावाचून बसलं असेल.